‘आमच्यात तसं काही नाही!’

मृत्युपत्राचा विषय काढला, की पुण्यातल्या कुठल्याही घरात एक वाक्य हमखास ऐकू येते : ‘आमच्यात तसं काही नाही हो!’ भांडणे होतात ती दुसऱ्यांकडे. आमची भावंडे एका ताटात जेवलेली, मग कागद हवा कशाला? हे वाक्य मी स्वतः कितीतरी वर्षे अभिमानाने म्हणत आलो. ते खोटेही नव्हते. आमच्यात खरोखरच भांडण झाले नाही. तरीही माझ्या आत्याचे घर गेले.

नारायण पेठेत आमचा वाडा होता. आजोबांनी स्वतःच्या कमाईतून घेतलेला. तीन मुलगे आणि एक मुलगी, ती ऐन तारुण्यात विधवा होऊन माहेरी परतलेली. दर्शनी बाजूच्या दोन खोल्या तिच्या, असे आजोबांनी मृत्युपत्रात लिहून ते कागद पत्र्याच्या ट्रंकेत ठेवले होते. 12 जुलै 1961 रोजी पानशेत फुटले आणि वाड्याचा खालचा मजला पाण्याखाली गेला. ट्रंक सापडली, पण आतल्या कागदांचा लगदा झाला होता. ‘सवडीनं पुन्हा लिहू,’ आजोबा म्हणाले. ती सवड त्यांना 1967 पर्यंत, म्हणजे जाईपर्यंत, मिळाली नाही. आजी त्यांच्याआधीच गेली होती.

तरी कायदा आत्याच्या बाजूने होता. 1956 च्या हिंदू उत्तराधिकार कायद्यानुसार वडिलांच्या स्वकष्टार्जित मिळकतीत मुलीला मुलांइतकाच वाटा असतो. म्हणजे वाड्याचा चौथा हिस्सा तिचा. पण पुढे कुणीतरी सुचवले, की नावे कमी असलेली बरी. माहेर तुटू नये म्हणून आत्याने भावांच्या नावे हक्कसोडपत्रावर सही केली. ते रीतसर नोंदवलेही गेले. ‘तू आहेस तोवर या खोल्या तुझ्याच,’ असा तिन्ही भावांनी शब्द दिला आणि तो मरेपर्यंत पाळला. अडचण एवढीच झाली, की तिघेही तिच्याआधी गेले. शब्द देणारे गेले आणि शब्दही त्यांच्याबरोबर गेला.

2014 मध्ये वाडा पाडून इमारत उभी करायचे ठरले. मिळकत पत्रिकेवर अजून आजोबांचेच नाव होते. अकरा जणांच्या सह्या लागल्या. एक चुलतभाऊ न्यू जर्सीत, त्याचे कुलमुखत्यारपत्र यायलाच काही महिने गेले. कुणाला किती चौरस फूट, त्याचा तक्ता बैठकीत मांडला गेला, त्यात आत्याचे नाव नव्हते. ‘तिचं नंतर बघू,’ कुणीतरी म्हणाले. मी त्या बैठकीत होतो. मीही मान डोलावली. ते ‘नंतर’ कधी आले नाही. ब्याऐंशीव्या वर्षी आत्या कोथरूडला आमच्या फ्लॅटमध्ये राहायला आली. लोकांनी मला चांगले म्हटले. ती मात्र एकदा म्हणाली, ‘इथं सगळं आहे रे, फक्त माझं असं काही नाही.’

त्या वाक्याने मला कायद्याची पुस्तके चाळायला लावली. शिवाजीनगर कोर्टातल्या एका वकील मित्राचेही डोके मी पुष्कळ खाल्ले. आपण सुशिक्षित माणसेसुद्धा किती ऐकीव समजुतींवर चालतो, हे तेव्हा कळले.

नॉमिनी म्हणजे मालक?

सर्वांत पक्की समजूत ही, की नॉमिनीचे नाव घातले की काम झाले. ‘कालनिर्णय’कार जयंतराव साळगावकर 2013 मध्ये गेले. त्यांनी 2011 मध्ये मृत्युपत्र केले होते. मुदत ठेवी आणि म्युच्युअल फंड यांना नॉमिनीही नेमलेले होते. हे पैसे नॉमिनीचे, की सगळ्या वारसांचे? हा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि 14 डिसेंबर 2023 रोजी निकाल लागला : नामनिर्देशनाने वारसाहक्क बाजूला सारता येत नाही. इतक्या व्यवस्थित माणसाच्या मागेही प्रश्न मिटायला दहा वर्षे लागली, तर तुमची-आमची काय कथा!

थोडक्यात, नॉमिनी हा पैसे स्वीकारून खऱ्या वारसांपर्यंत पोचवणारा विश्वस्त. सहकारी गृहनिर्माण संस्थेतही वारस ठरेपर्यंत तो तात्पुरता सभासद असतो. आयुर्विम्याचा मात्र अपवाद आहे : 2015 च्या दुरुस्तीनंतर आई-वडील, पती-पत्नी किंवा मुले नॉमिनी असतील, तर सर्वसाधारणपणे ती रक्कम त्यांचीच होते.

‘सगळं बायकोलाच जातं’

ही दुसरी समजूत. हिंदू पुरुष मृत्युपत्र न करता गेला, तर पत्नी, मुलगे, मुली आणि हयात असलेली आई यांना सारखे वाटे मिळतात. आईचा वाटा बहुतेकांच्या ध्यानातच नसतो. पत्नी आणि दोन मुलांच्या घरात आई असेल, तर राहत्या घरात पत्नीचा हिस्सा चौथाई उरतो.

तिसरी समजूत, लग्न झालेल्या मुलीचा संबंध संपला. वडिलोपार्जित एकत्र मिळकतीत महाराष्ट्राने 22 जून 1994 पासून मुलींना सहदायिक केले, पण तोवर लग्न झालेल्यांना वगळून. 9 सप्टेंबर 2005 च्या केंद्रीय दुरुस्तीने विवाहितांनाही तो हक्क दिला. त्या दिवशी वडील हयात असण्याची गरज नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये स्पष्ट केले. अशा मिळकतीत आपल्याला मृत्युपत्र करता येते ते फक्त आपल्या हिश्शापुरते.

चौथी चूक मायेपोटी होते. हयातीतच घर मुलाच्या नावे करून मोकळे व्हायचे. ज्येष्ठ नागरिकांसाठीच्या 2007 च्या कायद्याने असे बक्षीसपत्र रद्द करून घेता येते, पण सांभाळ करण्याची अट त्यात असेल तर वृद्धाची बाजू भक्कम राहते. अट लिहायला संकोच वाटतो, तिथेच घोटाळा होतो.

कागद कसा हवा?

मृत्युपत्राला मुद्रांक लागत नाही. साधा कागदही चालतो. नोंदणी सक्तीची नाही, पण दुय्यम निबंधकाकडे जाऊन केलेली बरी; कागद पुरात गेला तरी नक्कल मिळते. दोन साक्षीदार हवेतच. त्यांच्यापैकी एकाला पुढे कोर्टात उभे राहावे लागू शकते, म्हणून ते आपल्याहून तरुण असावेत आणि ज्यांना काही मिळणार आहे त्यांपैकी नसावेत. आपले समवयस्क मित्र प्रेमाने सही करतात, पण बऱ्याचदा आपल्याआधी जातात! नवे मृत्युपत्र केले, तर जुने रद्द केल्याचे त्यात लिहावे. आणि कागद कुठे आहे, हे घरात दोघांना तरी ठाऊक असावे.

एवढे ज्ञान गाठीशी बांधून गेल्या वर्षी मी माझे मृत्युपत्र लिहायला घेतले. फ्लॅट मुलाला आणि मुलीला निम्मा निम्मा. ठेवींची यादी, खात्यांचे क्रमांक, सारे कसे चोख. एका रविवारी जेवणे झाल्यावर मुलांना बसवून मसुदा वाचून दाखवला. ‘बाबा, हे अभद्र कशाला? आमच्यात तसं काही नाही,’ मुलगी म्हणाली. ते जुने वाक्य तिच्या तोंडून ऐकताना मला कसेसेच झाले.

बायको ताटे उचलता उचलता ऐकत होती. ती थांबली आणि म्हणाली, ‘सगळं छान लिहिलंत. तुमच्यामागे मी राहायचं कुठं, ते लिहायचं राहिलं वाटतं?’

खरेच राहिले होते. आत्यासाठी इतकी वर्षे हळहळणाऱ्या माझ्याच हातून ती ओळ सुटली होती. मुले आईला बाहेर काढतील, असे स्वप्नातही आले नसते, म्हणून ती सुचलीच नाही. आजोबांच्या मुलग्यांनाही त्या वेळी असेच वाटले असणार.

त्याच दुपारी मसुदा पुन्हा लिहिला. यावेळी बायको शेजारी बसली होती.