कयाधूचे पाणी आणि जयाजी पाईकराव

वाशिम जिल्ह्यातील रिसोड तालुक्यात उगम पावणारी कयाधू सेनगाव, हिंगोली आणि कळमनुरी या तालुक्यांतून वाहत पुढे पैनगंगेला मिळते. संत नामदेवांचे जन्मस्थान मानले जाणारे नर्सी तिच्याच काठी वसले असले, तरी पावसाळा सरल्यावर काही महिन्यांतच तिचे पात्र ठिकठिकाणी उघडे पडते. ही नदी पुन्हा वाहती व्हावी यासाठी कळमनुरी तालुक्यातील उमरा येथील ‘उगम’ या ग्रामीण विकास संस्थेचे जयाजी पाईकराव यांनी चालवलेल्या कामाकडे पाहताना नदी आटते कशी, हे आधी समजून घ्यावे लागते.

हा प्रदेश बेसाल्टचा, म्हणजे लाव्हा थिजून बनलेल्या काळ्या खडकाचा आहे. या खडकात पाणी साठते ते वरच्या मुरमात आणि खालच्या भेगांत, त्यामुळे भूजलाचा साठा मुळातच तोकडा असतो. पाऊस थांबल्यानंतर नदीत जे वाहते ते याच साठ्यातून पाझरलेले पाणी असते आणि काठच्या विहिरी व बोअरही तेच उपसतात. इथल्या पिकांपैकी सोयाबीन पावसावर निघते. हळद मात्र आठ-नऊ महिने शेतात उभी राहते आणि नेमक्या नदी आटण्याच्या दिवसांत पाणी मागते. नदी राखणाऱ्याला ज्यांच्यासाठी ती राखायची त्या शेतकऱ्यांशीच उपशाबद्दल बोलावे लागते, आणि या कामातला अवघड भाग तोच आहे.

नदीतले पाणी असे भूजलातून येत असल्यामुळे तिचे काम पात्रात नव्हे, तर पाणलोटात, म्हणजे जिथला पाऊस ओघळून त्या नदीला येतो त्या सगळ्या शिवारात, माथ्यापासून पायथ्याकडे करावे लागते: उतारावर समतल चर, बांधबंदिस्ती, मग ओढ्या-नाल्यांवरचे उपचार आणि सर्वांत शेवटी नदी. पोकलेन लावून पात्र खोल केले की काम लगेच डोळ्यांत भरते, पण वाळूचा थर गेला आणि काठ ढासळले तर ते नदीला घातकच ठरते. राज्य शासनाने 2 ऑक्टोबर 2022 रोजी सेवाग्राम येथून सुरू केलेल्या ‘चला जाणूया नदीला’ या अभियानात कयाधूचाही समावेश झाला, आणि नदीचा प्रश्न गावाच्या चर्चेबरोबरच सरकारी दप्तरातही आला.

खरबी येथे बंधारा बांधून कयाधूचे पाणी पैनगंगेवरील इसापूर धरणाकडे वळवण्याच्या योजनेला हिंगोलीतील शेतकऱ्यांनी केलेला विरोध याच संदर्भात पाहावा लागतो. धरणाखालच्या लाभक्षेत्राची गरज खोटी नाही. परंतु ज्या खोऱ्याची तहान अजून भागलेली नाही, तेथील पाणी शिल्लक समजून चालणार नाही. कयाधूच्या पाण्याचा हिशेब आधी काठच्या गावांसमोर मांडावा आणि वळवण्याचा निर्णय त्यानंतरच घ्यावा.