नाक्यावरची पोरं आणि एन. चंद्रा

बेकार, भडक माथ्याचे तरुण हिंदी पडद्यावर १९८६ च्या आधीही दिसले होते. गुलजारांच्या ‘मेरे अपने’मध्ये (१९७१) तर त्यांच्या दोन टोळ्याच होत्या. पण त्या वर्षीच्या ‘अंकुश’मधली रवींद्र केळकर, अर्जुन, शशी आणि लाल्या ही चौकडी मुंबईकराला आपल्याच गल्लीतली वाटली. त्याला कारण होतं. १८ जानेवारी १९८२ ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली गिरणी संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगारांचा पगार थांबला आणि अनेकांना तो पुन्हा कधी मिळालाच नाही. दिवसभर नाक्यावर बसून राहणं ही शहरातल्या एका अख्ख्या पिढीची दिनचर्या झाली होती.

ही पिढी पडद्यावर आणणारे एन. चंद्रा म्हणजे मुंबईचेच चंद्रशेखर नार्वेकर. ते दिग्दर्शनाकडे आले संकलनाच्या टेबलावरून. गुलजारांकडे त्यांनी उमेदवारी केली आणि वामन भोसले या मूळच्या गोमंतकीय संकलकाच्या हाताखाली काम शिकले. भोसल्यांना ‘इन्कार’साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता. कुठला शॉट कधी तोडायचा, ही जाण चंद्रांच्या पहिल्या तिन्ही चित्रपटांत जाणवते. त्यांच्या मारामाऱ्या देखण्या नसतात. त्या अंगावर येतात आणि लवकर संपतात.

‘अंकुश’ची गोष्ट सरळ आहे. शेजारी राहायला आलेल्या अनिताच्या सहवासात ही टवाळ पोरं माणसांत येतात. तिच्यावर बलात्कार होतो, गुन्हेगार कोर्टातून सुटतात, ती आत्महत्या करते आणि चौघं सूड घेतात. नेहमीच्या हिंदी चित्रपटाने इथे त्यांना टाळ्या मिळवून दिल्या असत्या. चंद्रा त्यांना फाशीपर्यंत नेतात. मोठा नट हाताशी नव्हता. होता तो रंगभूमीवर तापून निघालेला नाना पाटेकर, आणि त्याचा तो दबलेला, फुटायच्या बेतात असलेला आवाज. याच हिंसक चित्रपटातली, अभिलाष यांनी लिहिलेली आणि पुष्पा पागधरे व सुषमा श्रेष्ठ यांनी गायलेली प्रार्थना पुढे शाळाशाळांत पोहोचली.

पुढच्याच वर्षी ‘प्रतिघात’ आला. टी. कृष्णा यांच्या ‘प्रतिघटना’ या तेलुगू चित्रपटाचा हा हिंदी अवतार. प्राध्यापिका लक्ष्मीला गुंड काली भररस्त्यात विवस्त्र करतो. ती पुन्हा वर्गात जाते, तेव्हा फळ्यावर पोरांनी नग्न स्त्रीचं चित्र काढून ठेवलेलं असतं. रस्त्यावरच्या प्रसंगापेक्षा हा वर्ग अधिक भयंकर आहे, कारण इथे हात गुंडाचा नाही, विद्यार्थ्याचा आहे. सुजाता मेहतांनी हा अपमान ताठ मानेने उभा केला. ‘अंकुश’मध्ये स्त्रीसाठी पुरुष शस्त्र उचलतात. इथे ती स्वतः परशू उचलते. चंद्रांच्या कारकिर्दीतलं सर्वांत मोठं पाऊल हेच, असं मला वाटतं.

‘तेजाब’ (१९८८) म्हटलं की लोकांना माधुरी दीक्षितचं नाचगाणं आठवतं, आणि तेही रास्तच. त्या नृत्याबद्दल सरोज खान यांना नृत्यदिग्दर्शनाचा पहिलावहिला फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. पण त्या मंचामागे श्यामलाल उभा आहे, मुलीला नाचवून तिच्या कमाईवर जगणारा बाप. आणि अनिल कपूरचा मुन्ना ‘तडीपार’ आहे. पोलीस ठाण्यातला हा शब्द चंद्रांनी नायकाच्या कपाळी लिहिला. स्वतःच्याच शहरात पाय ठेवायची बंदी असलेला नायक व्यावसायिक हिंदी सिनेमात विरळाच. या चित्रपटाचं लेखन, निर्मिती आणि संकलन या बाजूही चंद्रांनीच सांभाळल्या होत्या.

त्यानंतर मात्र आकार वाढला आणि धार गेली. ‘नरसिंहा’त (१९९१) सनी देओल खांब उखडतो आणि इमारत कोसळते. चौघा बेकारांच्या हतबलतेत जे होतं, ते त्या अचाट ताकदीत सापडत नाही. ‘हमला’ आणि ‘युगांधर’ आले-गेले. ‘तेजस्विनी’त (१९९४) विजयाशांती होती, म्हणजे तेलुगू ‘प्रतिघटना’ची मूळ नायिका. १९९८ मध्ये ‘वजूद’साठी चंद्रांनी नाना आणि माधुरी यांना एकत्र आणलं, पण चित्रपट चालला नाही. त्याच वर्षी राम गोपाल वर्मांचा ‘सत्या’ आला आणि मुंबईच्या गल्लीतला हिंसक सिनेमा म्हटल्यावर लोक त्यातल्या भिकू म्हात्रेचं नाव घेऊ लागले. २००१ मध्ये चंद्रांनी ‘स्टाईल’ केला. त्यातही उनाड पोरंच होती, पण कॉलेजातली, आणि चित्रपट होता विनोदी.