चौकट : चिंचवड स्टेशन

पुण्याहून खंडाळ्यापर्यंत रूळ पडले ते १८५८ साली. बोरघाटाचं काम तेव्हा अपुरं होतं. घाट चढून गाडी थेट मुंबईला जोडली गेली ती १८६३ मध्ये. पुढे १९२९ मध्ये कल्याण-पुणे मार्गावर वीज आली. तेव्हाचं चिंचवड म्हणजे मोरया गोसावींचं, पवनाकाठचं गाव. पिंपरीत १९५४ मध्ये हिंदुस्थान अँटिबायोटिक्स सुरू झाली, मागोमाग टेल्को, बजाज आले आणि स्टेशनाला पाळीची गर्दी कळली.

पुणे-लोणावळा लोकल मात्र १९७८ ची, म्हणजे कारखान्यांच्या बरीच मागून! लोकलबरोबर इथे सिंहगड एक्स्प्रेसही थांबते. मार्ग दोनच, लोकल, एक्स्प्रेस, मालगाड्या सगळ्या त्यावरूनच. दुपारी देखभालीच्या ब्लॉकमुळे लोकलला मोठा खंड पडतो, नेमका दुसऱ्या पाळीवाल्यांच्या वेळेला. तिसऱ्या-चौथ्या मार्गाची मागणी जुनीच.

मेट्रो ६ मार्च २०२२ ला पिंपरीहून फुगेवाडीपर्यंत धावली, पुढल्या वर्षी शिवाजीनगरच्या सिव्हिल कोर्टापर्यंत. कारखान्यांच्या चाकणला मात्र आजही रेल्वे नाही. तिथला कामगार चिंचवडला किंवा तळेगावला उतरला, की पुढचा प्रवास कंपनीची बस, पीएमपी नाहीतर सहा आसनी रिक्षा.