परसबागेत टिपारीची लागवड

टिपारी हे टोमॅटो व वांगे यांच्याच कुळातील फळ होय. हिंदी भाषिक तिला रसभरी म्हणतात. कागदासारख्या पातळ आवरणात वाढणारे हे पिवळे, आंबट-गोड फळ मूळचे दक्षिण अमेरिकेतील अँडीज पर्वतप्रदेशातले आहे. त्यातून क जीवनसत्त्व व कॅरोटीन मिळते. भिवंडी तालुक्यात घरामागे थोडी उंच, उन्हाची जागा असेल तर टिपारी सहज घेता येते. मात्र लागवडीची वेळ व फळांची काढणी या दोन गोष्टी नीट सांभाळाव्या लागतात.

लागवडीची वेळ : या भागात वर्षाला दोन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो व तो बहुतेक जून ते सप्टेंबर या चार महिन्यांतच पडतो. पाणी साचल्यास टिपारीची मुळे कुजतात. म्हणून मृगाच्या पावसावर बी टाकू नये. उलट फार उशीर केल्यास मार्चपासूनच्या उन्हाने फळधारणा कमी होते. यासाठी सप्टेंबरच्या आरंभी बी पेरावे आणि पाऊस ओसरल्यावर, ऑक्टोबरच्या मध्यास, रोपे लावावीत.

रोपे व लागवड : बी फार बारीक असते. ते बारीक वाळूत मिसळून गादीवाफ्यावर किंवा खोक्यात उथळ पेरावे, झारीने पाणी द्यावे व वर ताटीचा आडोसा करावा. रोपे वीतभर उंचीची झाली म्हणजे 75 सें.मी. अंतरावर लावावीत. सहा झाडांना दीड मीटर रुंद व सव्वादोन मीटर लांब वाफा पुरतो. प्रत्येक खड्ड्यात दोन ओंजळी चांगले कुजलेले शेणखत घालावे. नत्र अधिक दिल्यास पाला माजतो व फळे कमी लागतात. भाताच्या पेंढ्याचे आच्छादन केल्यास ओल टिकते व तणही दबते. फांद्या ठिसूळ असल्याने झाडांना काठीचा आधार द्यावा.

मर रोग : हिरवे झाड एकाएकी मलूल झाल्यास जिवाणूजन्य मर रोगाची शंका घ्यावी. खोडाचा तुकडा कापून स्वच्छ पाण्याच्या पेल्यात उभा धरावा. कापातून दुधासारखी धार सुटल्यास रोग निश्चित समजावा. अशा झाडावर औषध चालत नाही. ते मुळासकट उपटून नष्ट करावे. त्या जागी तीन वर्षे टिपारी, वांगी, टोमॅटो वा मिरची लावू नये.

काढणी : फूल आल्यापासून फळ पिकण्यास सुमारे 70 ते 80 दिवस लागतात; म्हणजे साधारणतः फेब्रुवारीत फळे हाती येऊ लागतात. आवरण वाळून तपकिरी झाले व आतील फळ सोनेरी पिवळे झाले म्हणजेच ते खाण्यास योग्य समजावे. पिकलेले फळ बहुधा आपोआप गळते, म्हणून झाडाखालची फळे रोज वेचावीत. हिरव्या फळांत तसेच पाला व आवरणात विषारी द्रव्ये असतात. ती खाल्ल्यास उलट्या व पोटदुखी होऊ शकते. घरातील मुलांना ही गोष्ट आधीच समजावून सांगावी. आवरणासह कोरड्या जागी ठेवल्यास पक्की फळे काही आठवडे टिकतात. जास्त झालेल्या फळांचा मुरंबा करता येतो.

टोमॅटिलो : मेक्सिकोतील टोमॅटिलो ही टिपारीचीच जवळची जात होय. तिचे बी मिळाल्यास लागवड याच रीतीने करावी; परंतु तिच्या बाबतीत दोन गोष्टी वेगळ्या आहेत. टिपारीचे एकटे झाडही फळते. टोमॅटिलोची मात्र किमान दोन झाडे जवळ लागतात, कारण तिच्या फुलांना दुसऱ्या झाडाचा पराग हवा असतो. तसेच टोमॅटिलोचे फळ आवरण भरून फुटू लागले की हिरवेच काढतात व त्याची चटणी करतात. टिपारीला हा नियम लावू नये.

गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी दोन्ही फळे शेजारी ठेवून हा फरक दाखवावा, म्हणजे तो घरोघरी लक्षात राहील.