उत्तरपत्रिका आणि न्यायासन

गुणपत्रिकेत अपेक्षेच्या निम्मेही गुण नसावेत, आणि विद्यापीठाकडे धाडलेल्या अर्जास ‘बदल नाही’ एवढेच उत्तर यावे, म्हणजे भंडारा जिल्ह्यातील विद्यार्थ्यास एकच दार उरते. ते नागपूरला, उच्च न्यायालयाच्या खंडपीठाचे. भंडाऱ्याहून नागपूर अवघे साठेक किलोमीटर. परंतु लाखांदूरच्या धानकऱ्यास वकिलाची फी हेच खरे अंतर! तरीही मुले न्यायालयाची पायरी चढतात, याचा अर्थ विद्यापीठाच्या शब्दावरील त्यांचा विश्वास उडाला आहे.

तेथे त्यांच्या पदरात काय पडते, हे त्यांस स्पष्ट सांगितले पाहिजे. महाराष्ट्राच्या शिक्षण मंडळाविरुद्धच्या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाने विद्यार्थ्यांस अनुकूल निर्णय दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने १९८४ साली तो फिरविला. पुनर्मूल्यांकनाची तरतूद नियमांत नसेल तर तो हक्क म्हणून मागता येत नाही, असे ठरले. २०१७ साली रणविजय सिंग खटल्यात तर त्याच न्यायालयाने बजावले की, संशयाचा फायदा विद्यार्थ्यास नव्हे, परीक्षा घेणाऱ्या संस्थेस मिळेल. हा दंडक कठोर आहे. पण तो चुकीचा आहे असे आम्हांस वाटत नाही. रसायनशास्त्राची उत्तरे न्यायमूर्तींनी तपासू लागावे, अशी अपेक्षा कोण करील?

मात्र न्यायालयाने राखलेला हा संयम म्हणजे विद्यापीठास मिळालेले प्रशस्तिपत्र नव्हे. आपली तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क माहिती अधिकाराखाली सर्वोच्च न्यायालयानेच २०११ साली मान्य केला, आणि एकदा ती हाती आली की न तपासलेले पान व चुकलेली बेरीज लपत नाही. मुंबई विद्यापीठाने २०१७ साली पुरेशी तयारी न करता उत्तरपत्रिका संगणकाच्या पडद्यावर तपासावयास घेतल्या. निकाल महिनोन्‌महिने रखडले, आणि त्याच ऑक्टोबरात कुलगुरूंस पद गमवावे लागले. मुंबईचा बोभाटा देशभर झाला. साकोलीच्या मुलाचे गाऱ्हाणे कोणाच्या कानी जाणार?

खरा अन्याय विलंबाचा आहे. पुनर्मूल्यांकनात उत्तीर्ण झाल्याचे कळेपर्यंत पुढील वर्गाचे प्रवेश संपतात, वा त्याच विषयाची परीक्षा पुन्हा देऊन होते. उशिरा वाढलेल्या त्या गुणांचे त्याने काय करावे? २०१६ च्या विद्यापीठ कायद्याने मूळ निकालास फार तर ४५ दिवसांची मुदत घातली आहे. एका विद्यार्थ्याची एकच उत्तरपत्रिका पुन्हा तपासण्यास त्याहून अधिक काळ का लागावा? नागपूर विद्यापीठाने तीच मुदत पुनर्मूल्यांकनासही पाळावी. आणि पुढील परीक्षेचा अर्ज भरण्यापूर्वी निकाल न लागल्यास, गुण वाढून उत्तीर्ण ठरलेल्या विद्यार्थ्यास त्या परीक्षेचे शुल्क परत करावे.