बोटीतून दिसलेली माकडं: ती मोजायची कशी?

फील्डवर्कची तयारी करणारे विद्यार्थी भेटले की एक प्रश्न ठरलेला असतो. "तिथे प्राणी खूप दिसतात का हो?" प्रश्नात चूक काही नाही, पण 'खूप दिसतात' आणि 'खूप आहेत' ही दोन वेगळी वाक्यं आहेत. पहिल्यावरून दुसऱ्यावर उडी मारली की थिसिसचं दुसरं प्रकरण तिथेच अडकतं. आज हे एका बोटीच्या सफरीवरून समजावून घेऊ, कारण ती सफर करणारा प्रत्येक जण ही उडी मारतो आणि त्याला पत्ताही लागत नाही.

सफर बोर्निओ बेटावरची. इंडोनेशियाच्या मध्य कालिमंतान प्रांतात तांजुंग पुटिंग नावाचं राष्ट्रीय उद्यान आहे, क्षेत्रफळ ४ हजार चौरस किलोमीटरच्या वर. विमानाने पांकालान बुन, तिथून गाडीने कुमाई बंदर आणि पुढे क्लोतोक. क्लोतोक म्हणजे दुमजली लाकडी बोट. इंजिनाच्या टोक-टोक आवाजावरून हे नाव पडलं. खालच्या मजल्यावर स्वयंपाक, वरच्या मजल्यावर तुम्ही. रात्री बोट काठाला बांधतात आणि वरच गाद्या टाकून मच्छरदाणीत झोपायचं. तीन दिवस, दोन रात्री असा नेहमीचा बेत असतो. सेकोन्येर नदीच्या मुखाशी दोन्ही बाजूंना निपाची झावळं दिसतात, मग हळूहळू उंच झाडं सुरू होतात. कॅम्प लीकीकडे जाणारा फाटा लागला की पाण्याचा रंगच बदलतो. मुख्य नदी गढूळ, कारण वरच्या अंगाला खाणकाम चालतं. फाट्याचं पाणी मात्र कोऱ्या चहासारखं काळपट. दलदलीत कुजलेल्या पानांमधलं टॅनिन त्यात उतरलेलं असतं.

आता या सफरीचं गणित मांडू. समजा, तीन दिवसांत तुम्ही ४० किलोमीटर नदी पाहिलीत आणि दोन्ही काठांवर ३०-३० मीटर आतपर्यंत नजर पोचली. म्हणजे ४० गुणिले ०.०६, एकूण २.४ चौरस किलोमीटर. उद्यानाचा हजारावा भागसुद्धा नाही. तुम्ही म्हणाल, मग काय झालं, शितावरून भाताची परीक्षा होतेच की! होते. पण ती होते कारण भात सगळीकडून सारखा शिजलेला असतो. जंगल तसं नसतं. नमुना लहान आहे ही अडचण त्यामानाने किरकोळ आहे. खरी अडचण ही की शीत कायम पातेल्याच्या कडेचंच घेतलं जातंय.

आणि ही कडा साधीसुधी नाही. संध्याकाळी चारनंतर बोट सावकाश निघाली की काठावरच्या झाडांवर बेकांतान दिसायला लागतात. इंग्रजीत प्रोबॉसिस मंकी, म्हणजे लांब नाकाचं माकड. नराचं नाक ओठांवरून खाली लोंबतं. ही जात फक्त बोर्निओतच सापडते. एकेका झाडावर आठ-दहा जण, पुढच्या झाडावर दुसरी टोळी. तासाभरात पन्नासेक सहज मोजून होतात. मग वहीत काय लिहिणार? 'विपुल'?

थांबा. बेकांतान दिवसभर काठावर नसतो. पानं आणि कच्ची फळं हे त्याचं खाणं. ते तो पोटात आंबवून पचवतो आणि त्यासाठी आतल्या जंगलात फिरतो. संध्याकाळी मात्र झोपायला काठावर येतो. असं का, यावर एक प्रमुख मत असं की पाण्याच्या बाजूने क्लाउडेड लेपर्ड येऊ शकत नाही, म्हणजे निम्म्या बाजूची चिंता मिटते. जपानी संशोधक इकी मात्सुदा यांनी मलेशियातल्या साबा राज्यात, किनाबातांगान नदीच्या एका उपनदीवर एक टोळी बोटीतून उतरून पायी पाठलाग करत अभ्यासली. २००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या कामात टोळी काठापासून सुमारे ८०० मीटर आतपर्यंत गेल्याची नोंद आहे. त्याआधी या माकडाबद्दलची बरीचशी माहिती बोटीतूनच गोळा झाली होती, त्यामुळे ते 'नदीकाठचं माकड' म्हणूनच ओळखलं जायचं. म्हणजे पाहायची जागा ही प्राण्याची सवय म्हणून नोंदली गेली.

त्यातच आणखी एक भानगड. पहिल्या संध्याकाळी ४०, दुसऱ्या ४५, तिसऱ्या ३८. बेरीज १२३. पण माकडं १२३ नाहीत, त्याच टोळ्या पुन्हा दिसल्या आहेत. संख्याशास्त्रात याला स्यूडोरेप्लिकेशन म्हणतात. एकाच माणसाला तीनदा विचारून तीन मतं गोळा केली म्हणण्यासारखं. हे तीन आकडे बेरजेसाठी नाहीत. रोजचा आकडा किती वरखाली होतो ते कळायला मात्र ते सोन्यासारखे आहेत.

आपल्याकडेही हाच पेच आहे. बुद्धपौर्णिमेच्या रात्री मचाणावर बसून पाणवठ्यावरचे प्राणी मोजतात ना, तिथेही हेच. उन्हाळ्यात एकच पाणवठा उरला तर गर्दी दिसणारच. पाणवठे चार झाले की गर्दी पांगते, प्राणी तेवढेच असतात.

आता ओरांगउटान. मलय भाषेत ओरांग म्हणजे माणूस, हुतान म्हणजे जंगल. एक लक्षात ठेवा, हे माकडही नाही आणि वानरही नाही. मराठीत माकड आणि वानर दोघांनाही शेपूट असते, याला नसते. आपल्या पाठ्यपुस्तकांतला 'कपी' हा शब्द इथे चालेल. कॅम्प लीकी हे ठिकाण १९७१ मध्ये बिरुते गाल्डिकास आणि रॉड ब्रिंडामूर यांनी सुरू केलं, नाव दिलं लुई लीकी यांचं. माणसांनी पाळलेली, मग सोडवून आणलेली ओरांगउटान पिल्लं इथे पुन्हा जंगलात सोडली गेली. त्यांच्यासाठी लाकडी फलाट बांधले आणि त्यावर ठरलेल्या वेळी केळी वगैरे ठेवायला लागले. आज सफरीतले बहुतेक फोटो याच फलाटांवरचे असतात.

त्यामुळे फलाटावर सात जण आले, यावरून जंगलात किती आहेत ते कळत नाही. तिथे येणारे बहुतेक पूर्वी माणसाळलेले किंवा त्यांची पोरंबाळं. पण हा आकडा अगदीच फुकट नाही. जंगलात फळं भरपूर असली की फलाटावर कमी जण येतात, क्वचित कुणीच येत नाही. पर्यटक हिरमुसतात, गाईड निर्धास्त असतो. म्हणजे आकडा कमी आणि जंगलाची तब्येत चांगली, असा उलटा संबंध. वर्षभर फलाटावरची हजेरी आणि आसपासच्या झाडांवरची फळं दोन्ही नोंदवली तर एम.एस्सी.च्या प्रोजेक्टला पुरेल एवढा प्रश्न यात आहे.

मग जंगली ओरांगउटान मोजतात कसे? ते मोजतच नाहीत, घरटी मोजतात! पिल्लं सोडली तर प्रत्येक ओरांगउटान रोज रात्री झोपायला फांद्या वाकवून नवं घरटं करतो. प्राणी लपतो, घरटं लपत नाही. जंगलात सरळ रेषा आखायची, त्या रेषेने चालायचं, दिसलेली घरटी आणि रेषेपासूनचं अंतर लिहायचं. मग घरट्यांची दाट संख्या काढून तिला तीन गोष्टींच्या गुणाकाराने भागायचं: घरटी बांधणाऱ्यांचं प्रमाण, एक जण रोज किती घरटी बांधतो आणि एक घरटं किती दिवस टिकतं.

उदाहरणासाठी मनचे आकडे घेऊ. चौरस किलोमीटरला ५०० घरटी, बांधणारे ०.९, रोजची १.१ आणि टिकण्याचा काळ २५० दिवस. गुणाकार २४७.५, उत्तर साधारण २. आता फक्त शेवटचा आकडा बदला, २५० ऐवजी ४०० दिवस धरा. गुणाकार ३९६, उत्तर १.३ च्या आत. एकही घरटं कमीजास्त न करता एक तृतीयांशाहून जास्त ओरांगउटान गायब! आणि हा टिकण्याचा काळ लाकूड, पाऊस, माती यांप्रमाणे बदलतो. म्हणून दुसऱ्या ठिकाणचा आकडा उचलून आणणाऱ्याला परीक्षक पहिला प्रश्न तिथेच विचारतात. स्वतः मोजायचं तर तीच घरटी महिनोन् महिने जाऊन पाहावी लागतात. हे काम फार कंटाळवाणं आहे, पण उत्तराचा सगळा भार त्यावरच असतो.

एवढा खटाटोप कशासाठी, ते आता सांगते. बोर्निओत जंगल तोडलं जातं तेव्हा प्राणी लगेच मरत नाहीत. ते उरलेल्या तुकड्यात सरकतात आणि तो तुकडा बऱ्याचदा नदीकाठचाच असतो. किनाबातांगानवर अभयारण्य आहे, २००५ मध्ये जाहीर झालेलं, पण ते तुकड्यातुकड्यांचं. बऱ्याच ठिकाणी काठालगत झाडांची पट्टी आणि तिच्यामागे थेट पाम तेलाची लागवड. अशा पट्टीत काही वर्षं बोटीतून प्राणी पूर्वीपेक्षा जास्त दिसू शकतात. पर्यटक खूश, बोटवाले खूश, अहवालात 'वाढ' लिहून येते. प्रत्यक्षात ती वाढ म्हणजे कोंडी असते. ओरांगउटान मादीच्या दोन पिल्लांमध्ये साधारण सात-आठ वर्षांचं अंतर असतं. घसरण आकड्यांत दिसेपर्यंत ती भरून काढायची वेळ गेलेली असते.

२०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासात संपूर्ण बोर्निओतल्या ३६ हजारांहून जास्त घरट्यांच्या नोंदी एकत्र केल्या होत्या. निष्कर्ष असा: १९९९ ते २०१५ या काळात बेटावरचे १ लाखाहून जास्त ओरांगउटान नाहीसे झाले. जंगल पूर्ण तुटलं तिथे घट सगळ्यात वेगाने झाली, पण संख्येने जास्त प्राणी गेले ते अजून उभ्या असलेल्या जंगलातून, आणि त्यामागे शिकार हे मोठं कारण मानलं जातं. नदीतून पाहिलं तर अशा जंगलाची हिरवी भिंत जशीच्या तशी दिसते.

नदीवरून कधीच नीट न दिसणारेही आहेत. पहाटे बोटीवर जाग येते ती गिबनच्या गाण्याने. मादीचा सूर चढत जातो, शेजारच्या जोडीचं उत्तर येतं. यांना कानाने मोजतात. दोन-तीन ठिकाणी माणसं बसवायची, प्रत्येकाने आवाजाची दिशा होकायंत्रावर आणि वेळ घड्याळात पाहून लिहायची. रेषा जिथे छेदतात तिथे एक जोडी. पावसाच्या आणि वाऱ्याच्या दिवशी ती कमी गातात, म्हणून एका सकाळवर विसंबायचं नाही.

बोटीतून सर्व्हे करूच नये का? करा की, बेकांतानसाठी तो चांगला मार्ग आहे. फक्त वेग आणि वेळ ठरलेली ठेवा, तीच नदी अनेक दिवस पाहा आणि निष्कर्ष काठापुरताच ठेवा. हौसेने सफरीला गेलात तरी वहीत एवढं लिहा: वेळ, कोणता काठ, पाण्याची पातळी, पाऊस, टोळीत अंदाजे किती आणि बोटीपासून किती लांब. ज्या किलोमीटरमध्ये काहीच दिसलं नाही तिथे शून्य लिहा, जागा मोकळी सोडू नका. मोकळी जागा पाहून सहा महिन्यांनी आठवत नाही की प्राणी नव्हते की आपण जेवत होतो. सर्दी-खोकला असेल तर ओरांगउटानपासून लांबच राहा, आपले श्वसनाचे आजार त्यांना होतात. एरवीही ७ ते १० मीटर अंतर ठेवा, फोटोसाठीसुद्धा ते कमी करू नका.

आणि हे वहीतलं थिसिसमध्ये घालायचा विचार असेल, तर पर्यटक व्हिसावर ते चालत नाही. इंडोनेशियात परदेशी संशोधकाला वेगळी संशोधन परवानगी लागते, सध्या ती ब्रिन या तिथल्या राष्ट्रीय संशोधन संस्थेकडून मिळते. उद्यानात शिरायची परवानगी त्याहून निराळी. वेळापत्रक आखताना या कागदपत्रांचे महिने आधी धरा, तिकिटं नंतर काढा.