दीपक रागाचा दाह आणि गळ्याची खरी दुखणी

दीपक राग गायला की दिवे पेटतात आणि गाणाऱ्याच्या अंगाची लाही लाही होते, हे मी लहानपणी माझ्या पहिल्या गुरूंकडून ऐकलं. मत्सरी दरबाऱ्यांनी तानसेनाला दीपक गायला भाग पाडलं, दिवे लागले, पण अंगातली आग काही शमेना. मग गुजरातेत वडनगरला ताना आणि रीरी या बहिणींनी मल्हार आळवून त्याला बरं केलं. गोष्ट फार सुंदर आहे. वडनगरला या बहिणींचं स्मारक आहे, त्यांच्या नावाने संगीत महोत्सवही भरतो. पण गाणं शिकवताना मी बघते, गळा बसला की घरचे म्हणतात, ‘नजर लागली’, ‘अवेळी राग गायला, तो बाधला’. आणि डॉक्टरकडे जायचं राहून जातं. म्हणून हे लिहिते आहे.

आधी तानसेनाचं बघू. अकबराचा इतिहासकार अबुल फजल याने ‘ऐने अकबरी’त दरबारातल्या कलावंतांची यादी दिली आहे. तीत तानसेन पहिला, आणि असा गवई हजार वर्षांत झाला नाही असा अभिप्राय. ‘अकबरनाम्या’त 1589 साली त्याच्या मृत्यूची नोंद आहे. लग्नाच्या वरातीत गातात-वाजवतात तसं गात-वाजवत सगळ्या कलावंतांनी त्याला दफनाला न्यावं, असा बादशहाचा हुकूम होता. पेटलेल्या दिव्यांचा, दाहाचा तिथे शब्दही नाही. इतक्या कौतुकाने लिहिणारा माणूस एवढा चमत्कार गाळेल, हे मला पटत नाही. आपल्या आजी-आजोबांच्या पिढीत ही कथा घरोघरी नेली ती 1943 च्या सैगलच्या ‘तानसेन’ चित्रपटाने.

धोकादायक म्हणून दीपक गायचं बंद झालं, हेही खरं नाही. संगीतशास्त्रकार भातखंड्यांनी ‘पूर्वी’ थाटातला दीपक नोंदवून ठेवला आहे. कर्नाटक संगीतात दीपकम् राग आहे आणि त्यात त्यागराजांची कृतीही आहे.

मग आवाजात ताकदच नसते का? असते. मूतखडा ध्वनीच्या आघाताने बाहेरून फोडतात. एका बिंदूवर एकवटलेल्या अल्ट्रासाउंडने शरीरातली गाठ साठ अंशांच्या वर तापवून नष्ट करता येते. पण ती यंत्रांची कामं. आपल्या साध्या बोलण्यातून बाहेर पडणारी ध्वनिशक्ती वॅटच्या लाखाव्या भागाच्या आसपास असते, आणि पूर्ण ताकदीने लावलेला आवाजही एका वॅटच्या आतच राहतो. एवढ्याने वात पेटत नाही आणि अंगही तापत नाही.

गाणाऱ्याला जे होतं ते स्वरयंत्रात होतं. पेटीच्या काळी चार पट्टीत गाणाऱ्या बाईचा मध्य सप्तकातला सा म्हणजे सेकंदाला सुमारे 208 कंपनं. अर्धा तास नुसता षड्ज भरला, तर स्वररज्जू एकमेकांवर पावणेचार लाख वेळा आदळतात. श्वासाच्या जागा वजा केल्या तरी तीन लाख. चुकीच्या जोराने हे रोज झालं की दोन्ही रज्जूंवर समोरासमोर, जिथे आघात सर्वांत जास्त बसतो तिथेच, गाठी येतात. कुदळ मारणाऱ्याच्या तळहाताला घट्टे पडतात, तसंच हे. माझ्या एका विद्यार्थिनीच्या घशात दुर्बीण घातली तेव्हा पडद्यावर मी ते पाहिलं. दोन शुभ्र पट्ट्या, आणि मधोमध ज्वारीच्या दाण्याहून बारीक दोन टेंगळं. तार षड्जाला तिचा आवाज का फाटत होता, ते त्या क्षणी कळलं. आणि चार महिने मी तिला ‘अजून जोर लाव’ म्हणत होते, याचं वाईट वाटलं.

थोरांनाही हे चुकलेलं नाही. अल्लादिया खाँसाहेबांना तरुणपणी एका छोट्या संस्थानात सलग कित्येक दिवस गावं लागलं आणि त्यांचा आवाजच गेला. तो परत आला तेव्हा पहिल्यासारखा नव्हता. त्या बदललेल्या आवाजाला पेलेल अशी गायकी त्यांनी घडवली, तीच जयपूर-अत्रौली. पुढे शाहू महाराजांच्या आश्रयाने ते कोल्हापुरात राहिले.

खरा दाह म्हणाल तर तो पोटातून वर येतो. मैफल संपवून रात्री एकला जेवायचं आणि लगेच आडवं व्हायचं, की आम्ल चढून स्वरयंत्राला लागतं. छातीत जळजळ नसतानाही हे होतं. सकाळी आवाज जड, सारखं खाकरावंसं वाटतं, आणि प्रत्येक खाकरण्याने रज्जू पुन्हा आपटतात.

ज्येष्ठमध, मध, आणि ग्वाल्हेरला तानसेनाच्या कबरीपाशी खातात तो चिंचेचा पाला, यांनी घसा मऊ होतो एवढंच. गिळलेलं काहीच स्वररज्जूंपर्यंत जात नाही. गेलं तर ठसका लागतो, कारण त्या श्वासाच्या वाटेवर आहेत. वाफ मात्र तिथवर पोचते. आणि आवाज बसल्यावर कुजबुजून बोललं तर आराम मिळतो, ही समजूतही सोडा. कुजबुजताना बऱ्याच जणांचा गळा उलट आवळला जातो. त्यापेक्षा गप्प राहावं, नाहीतर हळू, मोकळ्या आवाजात बोलावं.

तीन-चार आठवड्यांत आवाज सुटला नाही, तर कान-नाक-घशाच्या डॉक्टरांकडे जा. गाठी म्हटलं की लगेच शस्त्रक्रिया, असंही नसतं. माझ्या विद्यार्थिनीला आधी विश्रांती आणि स्वरोपचार सांगितले. पाण्यात नळी धरून बुडबुडे काढत ‘ऊ’ म्हणायचं, असे साधे व्यायाम. सहा महिन्यांनी ती पुन्हा तंबोऱ्यापाशी बसली. आम्ही काळी चार सोडून काळी तीन धरली, आणि पहिले कितीतरी दिवस फक्त खर्ज भरला.